पडद्यामागची कात्री
(वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



वर्धापनदिनी मी बोलणार चित्रपटावर, आणि तोही ब्राझीलच्या, हे ऐकून काहीजणींना हसू आले असेल. पण मला नटनट्यांविषयी बोलायचे नाही. पडद्यामागे बसून कात्री चालवणाऱ्या एका माणसाची ही हकीकत आहे.

ऑस्वाल्ड हाफेनरिख्टर हा चित्रपट-संकलक. चित्रण तुकड्यातुकड्यांनी होते, पुष्कळदा कथेचा क्रम सोडून. त्यातले काय ठेवायचे, कोठे कापायचे, कशाला काय जोडायचे, हे काम संकलकाचे. शिवणकाम करणाऱ्या भगिनींना हे निराळे सांगायला नको. कापड उंची असले तरी बेतणे चुकले की पोलके अंगाला बसत नाही. आणि शिवण चांगली साधली, तर ती कोणाच्या नजरेतही येत नाही!

१९३१ साली जर्मनीत, एका बाईने दिग्दर्शित केलेल्या आणि केवळ स्त्रियांनीच भूमिका केलेल्या 'मेडशेन इन युनिफॉर्म'चे संकलन त्याने केले. पुढे इंग्लंडमध्ये 'द थर्ड मॅन' (१९४९) गाजला. त्याच्या संकलनाला ऑस्करचे नामांकन मिळाले. अशा वेळी हा गृहस्थ गेला कोठे? ब्राझीलला! साओ पाउलोजवळ १९४९ साली 'व्हेरा क्रूझ' ही चित्रसंस्था निघाली होती. युरोपातून जाणते कारागीर आणून देशी चित्रपट उत्तम करायचे, असा तिचा संकल्प.

तेथे त्याने 'कायसारा', गुलामगिरीच्या अंतावरचा 'सिन्या मोसा' आणि दरोडेखोरांच्या टोळीची कथा सांगणारा 'ओ कांगासेरो' असे चित्रपट जुळवले. 'ओ कांगासेरो'ला १९५३ साली कान महोत्सवात साहसपटाचे पारितोषिक मिळाले. त्यातले गाजलेले गाणे, बरे का, लेस विणणाऱ्या बाईवर आहे.

एवढे होऊनही १९५४ साली संस्था कर्जात बुडाली. खर्च अफाट, आणि परदेशातल्या मिळकतीचा मोठा वाटा वितरकांकडे गेला. हाफेनरिख्टर इंग्लंडला परतला.

मग सारे वायाच गेले का? मला तसे वाटत नाही. त्याच्या हाताखाली माउरो आलिसी नावाचा ब्राझीलचाच तरुण काम शिकला होता. 'किस ऑफ द स्पायडर वुमन' (१९८५) आणि 'कारांदिरू' (२००३) हे चित्रपट पुढे त्यानेच संकलित केले. संस्था पाच वर्षांत आटोपली. तिथे शिकलेला हात पन्नास वर्षे चालला.

भगिनींनो, वर्धापनदिनी आपण शिल्लक मोजतो, सभासद मोजतो. यंदा आणखी एक मोजूया: आपल्याकडून कोण काय शिकून गेली. जिला शिवण येते तिने एकीला तरी शिवण शिकवावी. जिला हिशेब येतो तिने वही दुसरीच्या हाती द्यावी. मंडळाची खरी ठेव तीच.