फी माफ होईल, पण पगार?
(संस्थेच्या वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण, स्मरणिकेच्या वाचकांसाठी लिहून काढलेले)



उच्च शिक्षणाने गरीब-श्रीमंतांतील दरी कमी होते, हे वाक्य आपण दर वर्षी बक्षीस समारंभात ऐकतो. मीही वर्गात तेच सांगत आलो. परंतु तीन वर्षांपूर्वी एका रिक्षाचालक पालकाने मला निरुत्तर केले. त्यांच्या मुलाला बारावी विज्ञानात ७८ टक्के गुण होते आणि तो गॅरेजवर जाऊ लागला होता. मी घरी गेलो. फी माफ होईल, अर्ज मी स्वतः भरतो, असे सांगितले. ते शांतपणे म्हणाले, "सर, फी माफ होईल, पण पगार? तो कोण देणार?" गॅरेजवर मुलाला महिना नऊ हजार मिळत होते. तीन वर्षांचे झाले तीन लाख चोवीस हजार. घरात दोन धाकट्या बहिणी. वाचकहो, या माणसाचा हिशेब कुठे चुकला, ते आपणच सांगावे.

न्या. सच्चर समितीने २००६ साली अहवाल दिला. वीस वर्षांवरील मुसलमानांत पदवीधर चार टक्क्यांहूनही कमी आणि एकंदर लोकसंख्येत सुमारे सात टक्के, असे त्यात नमूद आहे. त्यानंतर कॉलेजे वाढली, आपल्या मुलीही मोठ्या संख्येने शिकू लागल्या. तरी २०११ च्या जनगणनेत देशात मुसलमान १४.२ टक्के असताना, २०२०-२१ च्या उच्च शिक्षणाच्या सरकारी पाहणीत एकूण विद्यार्थ्यांमध्ये त्यांचे प्रमाण ४.६ टक्केच होते. यात मुलांना अक्कल कमी आहे असे कोणी म्हणणार नाही. ज्याचे घर तीन वर्षे वाट पाहू शकते तो पदवी घेतो आणि पुढे जास्त कमावतो. ज्याचे घर थांबू शकत नाही तो गॅरेजवरच राहतो. म्हणजे मदतीशिवाय हेच उच्च शिक्षण दरी वाढवते!

आणखी एक कडू गोष्ट. सच्चर समितीलाच आपल्या पदवीधरांत बेकारीचे प्रमाण इतरांहून जास्त आढळले. मी स्वतः बी. ए., बी. एड्. आहे, तेव्हा कला शाखेची निंदा करतो असे कृपया समजू नये. पण प्रवेश घेताना शेवटी हातात काय येणार, हे विचारायला लाजू नये. आय. टी. आय. केलेल्या मुलाला पॉलिटेक्निकच्या दुसऱ्या वर्षाला आणि डिप्लोमा झालेल्याला इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला थेट प्रवेश मिळू शकतो, हे आपल्या कितीशा पालकांना ठाऊक आहे? गॅरेजवरच्या पोरासाठी हा रस्ता जवळचा आहे.

कागदपत्रांचेही तेच. मोमीन, बागवान, तांबोळी, पिंजारी, अत्तार असे आपले अनेक समाज महाराष्ट्रात इतर मागासवर्गांच्या यादीत आहेत. परंतु "आमच्यात जातपात नाही" म्हणून दाखला काढायचा नाही आणि मग प्रवेशाच्या आठवड्यात तहसील कचेरीत धावाधाव करायची, हा प्रकार मी दर जूनमध्ये पाहतो. २०२४ साली राज्य शासनाने आठ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या घरांतील इतर मागासवर्गीय आणि आर्थिक दुर्बल गटातील मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांची फी पूर्ण माफ केली. दाखला नसेल तर ती माफी आपल्या मुलीच्या काय कामाची?

तरीही पगाराचा प्रश्न उरतोच. राजर्षी शाहू महाराजांनी तो ओळखला होता. कोल्हापुरात त्यांनी १९०१ पासून निरनिराळ्या समाजांसाठी वसतिगृहे उभी केली. १९०६ साली मुसलमान विद्यार्थ्यांसाठीही. नुसती शाळा उघडून खेड्यातला पोर शिकत नाही, त्याच्या भाकरीची आणि निवाऱ्याची सोय लागते, हे त्या राजाला समजले होते. आपण मात्र अजून ढाली आणि शाली वाटतो.

आपल्या समाजात पैसा नाही असे नाही. रमजानमध्ये आपल्या गावात जकात निघते ती शंभर-दोनशेच्या नोटांनी दारोदार वाटली जाते आणि ईदनंतर घेणारा होता तिथेच असतो. मुफ्तीसाहेबांना विचारून, गरजू विद्यार्थ्यांच्या हक्काचा काही भाग एकत्र ठेवता येईल का? छत्तीस घरांनी दर महिन्याला अडीचशे रुपये काढले की नऊ हजार होतात. एका मुलाचा पगार निघाला. गुणवंताला एकदा पाच हजारांचे बक्षीस देण्यापेक्षा, पंचावन्न टक्केवाल्याला तीन वर्षे महिना नऊ हजार देणे मला जास्त मोलाचे वाटते. हे काही सदस्यांना पटणार नाही, याची कल्पना आहे.

यंदा बारावीनंतर कामाला लागलेल्या आमच्या शाळेच्या अकरा माजी विद्यार्थ्यांची यादी मी कार्यालयात ठेवली आहे. प्रत्येकाच्या नावापुढे तो महिना किती कमावतो तेही लिहिले आहे.

त्या रिक्षाचालकांच्या मुलाचे विचाराल, तर गेल्या वर्षी त्याने नाशिकच्या मुक्त विद्यापीठात बी. कॉम.ला नाव घातले. गॅरेज बंद झाल्यावर रात्री दहानंतर तो अभ्यासाला बसतो. विज्ञान मात्र त्याचे सुटले ते सुटलेच.