बऱ्हाणपूरचा शिलालेख आणि आपले कर्तव्य



ग्रंथ लिहून झाला की कलेच्या इतिहासकाराचे काम संपले, असा एक समज आहे. वास्तविक तेथे ते निम्मेच झालेले असते. ज्या गावची वास्तू, त्या गावच्या माणसांना ती उलगडून दाखविली म्हणजे ते पुरे होते. याचे उदाहरण पाहण्यास तापीकाठ सोडण्याचे कारण नाही.

येथील जामा मशीद फारुकी सुलतान राजा अलीखान तथा आदिलशहा याने बांधविली. तिच्या भिंतीवर अरबी लेखासोबत नागरी लिपीतील संस्कृत लेख कोरलेला आहे. सृष्टिकर्त्याला नमन करून तो आरंभ होतो, फारुकी घराण्याची वंशावळ सांगतो आणि विक्रम संवत १६४६, शके १५११, म्हणजे इसवी सन १५९०, हा काल आपल्या पंचांगाच्या रीतीने नोंदवितो. पुढे १६०१ मध्ये असीरगड सर झाल्यावर अकबरानेही याच मशिदीत आपला लेख कोरविला. सुलतानाच्या पदरी संस्कृत रचणारा पंडित आणि नागरी अक्षरे कोरणारा कारागीर होता, हे त्या भिंतीवरून आपणांस कळते.

रायबहादूर हिरालाल यांनी मध्यप्रांत व वऱ्हाडातील शिलालेखांची वर्णनात्मक सूची १९१६ साली प्रसिद्ध केली. ते कार्य फार मोलाचे. परंतु ग्रंथ इंग्रजीत. घरोघरच्या वाचकास तो मजकूर त्याच्या भाषेत सांगणारा कोणी हवाच. १६३१ मध्ये मुमताजमहलचे येथे देहावसान झाले, ही कहाणी सर्वांना पाठ असते. ज्यांच्या हातांनी अक्षरे कोरली, शाही किल्ल्यातील हमामाचे छत रंगविले, त्यांच्याविषयी मात्र कोणी विचारीत नाही.

हाच न्याय देवळांनाही लागू आहे. जीर्णोद्धार हे पुण्यकर्म खरे. पण त्याच भरात जुन्या शिळेवर तैलरंग चढतो, दात्याचे नाव कोरलेली पायरी उपटली जाऊन नव्या फरशीखाली गाडली जाते. एकदा गेलेले अक्षर पुन्हा हाती येत नाही.

म्हणून माझी नम्र सूचना अशी. काम सुरू करण्यापूर्वी प्रत्येक कोरीव शिळेचे छायाचित्र घ्यावे व जाणकाराकडून ठसा काढून ठेवावा. शिळा धुऊन तिच्यावर ओला कागद बसवितात, ब्रशने ठोकून तो खाचांत दाबतात आणि वरून शाईची पुरचुंडी हलकेच फिरवितात. अक्षरे पांढरी उमटतात. तो ठसा महाजनांच्या दफ्तरात जपावा, आणि उत्सवाच्या दिवशी त्याचा अर्थ मुलाबाळांसमोर मराठीत वाचून दाखवावा.

एवढे झाले तर इतिहासकाराचे उरलेले निम्मे काम आपणच केले, असे होईल.