बटाटे सोलणारी अभिनेत्री

हातातलं काम थांबवू नका, निवडता-निवडता ऐका. आज ज्या बाईंची ओळख आम्ही करून देणार आहोत, त्यांनी पडद्यावर हेच केलं. घरातलं काम.

त्यांचं नाव देल्फीन सेरिग. जन्म १९३२ सालचा, बैरूत शहरातला. फ्रान्सच्या सिनेमात त्या पुढे आल्या १९६१ साली, आलाँ रेने यांच्या ‘मारिएनबाद’च्या सिनेमातून. राजवाड्यासारखं हॉटेल, उंची पोशाख आणि मोजकं बोलणं. दोन वर्षांनी ‘म्युरिएल’मध्ये त्यांनी आपल्या वयापेक्षा मोठी विधवा रंगवली आणि व्हेनिसच्या महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्रीचं बक्षीस मिळवलं. आरडाओरडा नाही, ढसाढसा रडणं नाही. आवाज हळू, पण ऐकणारा जागचा हलत नसे.

मग आला १९७५ सालचा ‘जान दिएलमान’. दिग्दर्शिका शांताल आकेरमान तेव्हा जेमतेम पंचविशीची. पडद्यामागे काम करणाऱ्यांतही बायकाच जास्त. गोष्ट ब्रुसेल्स शहरातल्या एका विधवेची आणि तिच्या शाळकरी मुलाची. तिचे तीन दिवस, सिनेमा तीन तास वीस मिनिटांचा. ती भांडी घासते, बूट पुसते, बटाटे सोलते, खोलीतून निघताना दिवा आठवणीने बंद करते. घर चालवायला रोज दुपारी एक पुरुष येतो, पैसे देऊन जातो. ते पैसे ती जेवणाच्या टेबलावरच्या झाकणाच्या भांड्यात ठेवते.

आम्ही सातजणींनी हा सिनेमा लॅपटॉपवर दोन संध्याकाळी बसून पाहिला. अर्ध्या तासात एकजण म्हणाली, “यात घडतंय काय? हे तर मी रोज करते!” आम्ही हसलो. पण दुसऱ्या दिवशी त्या बाईचे बटाटे जास्त शिजून वाया जातात. भांडं हातात घेऊन ती या खोलीतून त्या खोलीत फिरते, ठेवायचं कुठे कळत नाही. तेव्हा आमच्यातलं कुणी हसलं नाही. चेहऱ्यावर फारसं काही न दाखवता सेरिगबाईंनी सांगितलं, की हिचं आतून काहीतरी सुटत चाललंय. तिसऱ्या दिवशी तिच्या हातून खून होतो. तो का, हे सिनेमा सांगत नाही. पण आधीचे तीन तास पाहिलेल्या बाईला ते फार विचारावं लागत नाही.

सेरिगबाई पडद्याबाहेर मात्र गप्प नव्हत्या. १९७१ साली, फ्रान्समध्ये गर्भपात गुन्हा असताना, ३४३ बायकांनी ‘आम्ही तो केला आहे’ असं जाहीर लिहून दिलं. त्यात त्यांची सही होती. पुढे त्या छोटा व्हिडिओ कॅमेरा शिकल्या आणि वीसहून जास्त अभिनेत्रींना त्यांनी बोलतं केलं. तुम्ही पुरुष असता तर याच धंद्यात आला असता का? दोन बायकांच्या मैत्रीचा प्रसंग कधी वाट्याला आला का? त्या माहितीपटाचं नाव होतं ‘सुंदर दिस आणि गप्प बस’. १९८२ साली दोन मैत्रिणींबरोबर त्यांनी पॅरिसमध्ये बायकांच्या चित्रफिती जपणारं केंद्रही उभं केलं. १९९० साली त्या गेल्या.

२०२२ साली एका नामांकित ब्रिटिश मासिकाने जगभरच्या समीक्षकांचा कौल घेतला. सर्वोत्तम चित्रपट ठरला ‘जान दिएलमान’. या यादीत बाईने दिग्दर्शित केलेला सिनेमा पहिल्यांदाच वर आला.

सिनेमा संपल्यावर आम्ही आमच्या गटाचे जुने अर्ज काढून पाहिले. व्यवसायाच्या रकान्यात आम्ही सातपैकी पाचजणींनी स्वतःच्या हाताने लिहिलं होतं, ‘काही नाही’.

मैत्रिणींनो, पुढच्या बैठकीत एवढंच करू. सकाळी उठल्यापासून निजेपर्यंत केलेलं प्रत्येक काम मोठ्याने सांगू, आणि बाकीच्यांनी मध्ये न बोलता ऐकायचं. आणि त्या रकान्यात यापुढे काय लिहायचं, तेही तिथेच ठरवू.