उंबऱ्याबाहेरचा देखणा

मी कामरगावहून बोलतेय, तालुका कारंजा, जिल्हा वाशीम. बचत गटांची समन्वयक म्हणून तुमच्यातल्या बऱ्याचजणी मला ओळखता. एरवी मी या कार्यक्रमात कर्जाची परतफेड, शेळ्यांचा विमा असलं काही सांगत असते. आजचा विषय जरा वेगळा आहे. शेजारी सासूबाई बसल्या असतील तरी आवाज कमी करू नका. वावगं काही बोलणार नाही, पण थोडं लाजेचं बोलणार आहे.

दिवाळीनंतर एका गटाची बैठक होती. हप्ते गोळा व्हायच्या आधी दोन सुना एकाच मोबाईलमध्ये डोकं घालून बसल्या होत्या. 'थामा' सिनेमाची जाहिरात पाहत होत्या. त्यात रश्मिका मंदाना बेताळ जातीची, आणि आयुष्मान खुराना तिच्या प्रेमात पडून स्वतःच बेताळ होतो. दिग्दर्शक आपला मराठी माणूस, 'मुंज्या' काढणारा आदित्य सरपोतदार. एक सून म्हणाली, "ताई, रक्त पेणारा असला तरी कसा चांगला दिसते नं!" कोपऱ्यातल्या एक आजी लगेच बोलल्या, "रक्त पेऊन चांगला दिसते? आमच्या घरचा दारू पेते, त्याच्या तोंडाकडे पाहवत नाही."

सगळ्या हसल्या. मीही हसले. पण घरी येताना मला माझंच हॉस्टेल आठवलं.

२०१० साली मी अमरावतीला बी.ए. करत होते. तेव्हा स्टार वनवर 'प्यार की ये एक कहानी' नावाची मालिका लागायची. नायक अभय रायचंद, म्हणजे विवियन डिसेना, हा वँपायर. माणसाचं रक्त पिऊन जगणारा, पण कॉलेजात शिकणारा, गोरापान, अबोल. तो पियावर प्रेम करतो आणि तिच्यापासून लांबही पळतो, कारण जवळ गेलं तर आपण तिचा जीव घेऊ ही त्याला भीती. हॉस्टेलमध्ये एकच टीव्ही. आम्ही पंचवीस-तीस पोरी चटईवर दाटीवाटीनं बसायचो. तो पियाकडे नुसता पाहायचा, दोन-दोन मिनिटं, आणि खोलीत सुई पडली तरी ऐकू येईल अशी शांतता. ही मालिका 'ट्वायलाइट' या इंग्रजी सिनेमावरून सुचलेली, हे मला फार नंतर कळलं.

आता विचार केला की वाटतं, आम्हाला त्यात आवडत काय होतं? दात तर नक्कीच नाही.

मुळात हा प्राणी देखणा नव्हताच. ब्रॅम स्टोकरची 'ड्रॅक्युला' कादंबरी १८९७ ची. त्यातला सरदार म्हातारा आहे, तळहातावर केस आहेत, तोंडाला घाण वास येतो. १९२२ चा जर्मन मूकपट 'नोस्फेराटू', त्यातला तर टकला आणि उंदरासारख्या दातांचा. मग १९३१ मध्ये हॉलिवूडनं बेला लुगोसीला काळा कोट घातला, केस चापून बसवले, आणि पाहुणा एकदम घरंदाज झाला. १९५८ च्या इंग्लंडच्या सिनेमात ख्रिस्तोफर ली आला. त्यात आजारी म्हणून झोपवलेली एक मुलगी स्वतः उठते, खोलीचं दार उघडते, गळ्यातला क्रॉस काढून ठेवते आणि पलंगावर पडून त्याची वाट पाहते. एका चांगल्या घरच्या मुलीला काहीतरी हवं आहे, हे तिच्या तोंडून न बोलता दाखवायची ती युक्ती होती. भुतानं भारलं म्हटलं की मुलीवर बोल येत नाही.

आणि एक नियम आहे. स्टोकरच्या कादंबरीत ड्रॅक्युला कितीही ताकदवान असला तरी घरातल्या कुणीतरी पहिल्यांदा बोलावल्याशिवाय त्याला उंबरा ओलांडता येत नाही. माझ्या मते सगळी ओढ तिथं आहे. इतकी ताकद, आणि दाराबाहेर उभा, तू ये म्हणेपर्यंत. मला पाहायला आले तेव्हा मी चहाचा ट्रे घेऊन बाहेर गेले. पाहुण्यांनी उंची विचारली, शिक्षण विचारलं, पुरणपोळी येते का विचारलं. मुलगा पसंत आहे का, हे मला घरातल्याही कुणी विचारलं नाही. माझं नशीब चांगलं, माणूस चांगला निघाला. पण विचारलं नाही ते नाहीच. आपल्यातल्या कितीजणींना कुणी विचारलं होतं? अशा बाईला बोलावण्याची वाट पाहणारं भूतसुद्धा गोड वाटणार, यात नवल काय?

पण सिनेमानं पुढं हा नियमच काढून टाकला. 'ट्वायलाइट'मधला एडवर्ड ती मुलगी झोपेत असताना तिच्या खोलीत येतो आणि तिला पाहत राहतो. तिला पत्ता नसतो. कळतं तेव्हा तिलाही ते प्रेमच वाटतं, आणि पाहणाऱ्या पोरींनाही.

मलाही वाटलं होतं. त्याच वर्षी बसस्टँडपासून हॉस्टेलपर्यंत एक मुलगा रोज माझ्या मागं यायचा. बोलायचा नाही, फक्त पाहायचा. पहिला आठवडा मी मनातून खूश होते, खोटं कशाला सांगू? मैत्रिणी त्याला अभय म्हणून चिडवायच्या. महिन्याभरानं तो हॉस्टेलच्या फाटकासमोर रात्री दहाला उभा दिसला. दुसऱ्या दिवशी त्यानं माझी ओढणी धरली. मी रागवायच्या ऐवजी थिजले. डोक्यात एकच, आपण हसलो होतो, म्हणजे आपणच बोलावलं. घरी कळलं तेव्हा बाबा म्हणाले, शिकणं बंद, गावी चल. काकू मध्ये पडली म्हणून मी बी.ए. पूर्ण केलं. त्या मुलाला कुणी काही म्हटलं नाही. तेव्हा मागं फिरण्याला कायद्यात नावही नव्हतं. २०१३ मध्ये पाठलाग हा वेगळा गुन्हा झाला, आता भारतीय न्याय संहितेचं कलम ७८ आहे. पोरींना सांगून ठेवा, १८१ आणि ११२ हे नंबरही पाठ करून घ्या. तो देखणा असला तरी.

आता आपल्याकडं या. आपली भुतं कशी आहेत पाहा. वेताळ पुरुष, पण तो कुणाला भुलवत नाही. विक्रमाच्या खांद्यावर बसून कोडी घालतो. कोकणात आरवलीला तर वेतोबा म्हणून तो देव आहे. रात्री गावाची राखण करत फिरतो म्हणून लोक त्याला मोठाल्या चपला वाहतात. भुलवणारी कोण? हडळ. समोरून भरलेली, मागून सापळा, पाय उलटे. तरण्या माणसाला नादी लावते आणि वाळवते. आणि हडळ होते कोण? बाळंतपणात गेलेली बाई. म्हणजे जिला वेळेवर गाडी मिळाली नाही, रक्त मिळालं नाही, ती मेल्यावर दुसऱ्याचं रक्त आटवायला येते म्हणे! हा हिशेब मला कधी समजला नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातल्या निम्म्याहून जास्त बायकांना रक्तक्षय निघाला. आमच्याकडं तपासणी झाली तेव्हा त्याच आजी म्हणाल्या होत्या, "सिनेमातला तो आपल्या गावात आला तं उपाशी मरन."

रामसे बंधूंचा 'बंद दरवाजा', १९९० चा, काहीजणींनी व्हिडिओवर पाहिला असेल. त्यात नेवला नावाचा रक्तपिपासू आहे. ठाकुराच्या बायकोला मूल नाही, घरचे दुसरं लग्न लावायला निघालेत, म्हणून मोलकरीण तिला नेवल्याकडं नेते. अट अशी की मुलगा झाला तर तुझा, मुलगी झाली तर माझी. आम्ही लहानपणी नेवल्याला घाबरलो. आज मला दुसरं लग्न लावायला निघालेल्या त्या घरच्यांचं भय वाटतं.

आणि आपली शेवंता. 'रात्रीस खेळ चाले' मालिकेचा दुसरा भाग २०१९ मध्ये सुरू झाला. अण्णा नाईक माधव अभ्यंकर, शेवंता अपूर्वा नेमळेकर. रात्री साडेदहाला आमच्या गल्लीत सामसूम व्हायची. शेवंताचा गजरा, तिचं हसणं, तिचं साडी नेसणं, बाप्यांना आवडलं आणि बायकांनाही. पण अण्णा लोकांचे जीव घेणारा असून "अण्णा" हे गावात कुणाला शिवी म्हणून लागलं नाही. "शेवंता" मात्र लागलं.

आमच्या एका गटात एक विधवा बाई आहे, पस्तिशीची. नाव सांगत नाही. नवरा गेल्यावर दोन वर्षांनी ती पुन्हा रंगीत साडी नेसू लागली, शिवणकामाला कारंज्याला जाऊ लागली, परत येताना कधी गजरा घेऊन यायची. मग सुरू झालं. ती स्टँडवर उतरली की कुणीतरी "शेवंता आली" म्हणायचं. आधी पोरं, मग मोठे. एकदा तिच्या दीराच्या लेकराला ताप आला तर हिची नजर लागली म्हणून बोभाटा झाला. मी चौकशी केली तेव्हा कळलं, मुद्दा गजऱ्याचा नव्हताच. नवऱ्याच्या वाट्याचं दीड एकर रान होतं आणि सातबाऱ्यावर तिचं नाव लागायचं होतं. बाई लाजून माहेरी निघून गेली असती तर काम सोपं होतं.

ती जाणारच होती. बॅग भरली होती. गटातल्या नऊजणी तिच्यासोबत तलाठ्याकडं गेल्या, वारस नोंदीचा अर्ज दिला. दीराच्या घरी जाऊन आम्ही एवढंच सांगितलं की करणी केली, नजर लावली असं कुणा बाईवर घालायला २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात शिक्षा आहे. आवाज चढला, मला "तू कोण सांगणारी?" झालं. आत जाऊन चहा मात्र त्यांच्याच जावेनं आणून दिला. फेरफार व्हायला चार महिने लागले, पण नाव लागलं.

मागच्या बैठकीला ती उशिरा आली. मी वहीत नावं वाचत होते. एका नव्या सुनेच्या तोंडून चुकून निघून गेलं, "अन् शेवंताचे किती?" सगळ्या गप्प. तिनं गजरा सारखा केला, पिशवीतून दोनशे रुपये काढले आणि माझ्यासमोर ठेवले.

"शेवंता तं शेवंता," ती म्हणाली. "हप्ता वेळेवर भरते नं तिचा? लिहा, ताई."