प्रश्न सोडवायला शिकवणारं शिक्षण
(विहाराच्या वर्धापनदिनी विद्यार्थी-पालक मेळाव्यात केलेले भाषण)



मी साखर कारखान्यात मिल हाऊसला काम करणारा माणूस. शाळेत थोडं आणि वाचनालयात जास्त शिकलो. आज मला विषय दिलाय ‘डिझाइन थिंकिंग’. नाव इंग्रजी आहे म्हणून घाबरू नका. अडचण समजून घेऊन तिच्यावर स्वतःच्या डोक्याने उपाय काढायचा आणि तो करून पाहायचा, एवढाच त्याचा अर्थ. अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या डी-स्कूलने त्याच्या पाच पायऱ्या सांगितल्या आहेत. ज्याला त्रास आहे त्याच्याजवळ जाऊन तो समजून घ्या. खरा प्रश्न नेमका कोणता ते ठरवा. सुचतील तेवढे उपाय मांडा. त्यातल्या एकाचा कच्चा नमुना बनवा. मग तो वापरून पाहा, आणि जमला नाही तर पुन्हा मागे जा.

यातली दुसरी पायरी सगळ्यात अवघड. सीझनमध्ये बॉयलरवाला ओरडतो, वाफ कमी पडते. सगळे बॉयलरकडे धावतात. पण कित्येकदा दोष तिथे नसतोच. मिलमधून भुसा ओला येत असतो, म्हणून तो नीट जळत नाही. आणि भुसा ओला का? तर ऊस नीट तुटलेला नसतो, किंवा रोलरवर सारखा पडत नसतो. ओरड एकीकडे आणि दुखणं दुसरीकडे! रोलरजवळ उभ्या असलेल्या माणसाला विचारल्याशिवाय ते कळत नाही. आपल्या मुलांना उत्तरं पाठ करायला शिकवतात. प्रश्न शोधायला कोण शिकवतं?

जयपूर फूटची गोष्ट घ्या. तो १९६०च्या दशकाच्या अखेरीस तयार झाला. त्याआधीचा विलायती पाय बुटासाठी बनवलेला होता. आपला माणूस अनवाणी चालतो, उकिडवा बसतो, शेतातल्या चिखलात उतरतो. त्याला तो पाय काय कामाचा? फारसं शालेय शिक्षण नसलेले कारागीर रामचंद्र शर्मा आणि डॉक्टर प्रमोद करण सेठी या दोघांनी मिळून रबराचा पाय घडवला. सेठींना १९८१ साली मॅगसेसे पुरस्कार मिळाला. कारागिराचा हात आणि डॉक्टरची विद्या एकत्र आली, तेव्हा ते काम झालं.

हे शाळेत शिकवता येतं का? येतं. आपल्या पारनेरला लागून शिरूर तालुका आहे. तिथल्या पाबळ गावात डॉ. श्रीनाथ कलबाग यांनी १९८३ साली विज्ञान आश्रम सुरू केला. हिंदुस्थान लिव्हरमधलं संशोधकाचं काम सोडून हा माणूस दुष्काळी गावात येऊन राहिला. करत करत शिकायचं, हे त्यांचं सूत्र. पाण्याचा प्रश्न होता, तर जमिनीतल्या पाण्याचा अंदाज घेणारं यंत्र पोरांच्या हाती दिलं. विहीर कुठे घ्यावी हे सांगता सांगता पोरं वीज शिकली, गणित शिकली. त्यातूनच शाळांसाठी मूलभूत तंत्रज्ञानाचा विषय उभा राहिला. त्यात वर्कशॉप, ऊर्जा आणि पर्यावरण, शेती-पशुपालन, घर आणि आरोग्य हे सगळं एकाच विद्यार्थ्याने शिकायचं. मुलींनी वेल्डिंग करायचं आणि मुलांनी स्वयंपाकही. २००२ साली अमेरिकेच्या एम.आय.टी. संस्थेच्या साहाय्याने तिथे फॅब लॅब आली. जगातल्या अगदी सुरुवातीच्या फॅब लॅबपैकी ती एक. कलबाग सर २००३ साली गेले. काम चालू राहिलं. सरकारनेही २०१६ पासून सहावी ते बारावीसाठी अटल टिंकरिंग लॅब योजना आणली. आपल्या मुलांच्या शाळेत ती आहे का, असेल तर खोलीचं कुलूप उघडतं का, हे पालकसभेत विचारा.

आता तुमच्या मनातली शंका मी बोलतो, कारण ती माझ्याही मनात आहे. आपल्या आईबापांनी पिढ्यान्‌पिढ्या हातानेच राबून काढलं. पोरगं शिकून साहेब व्हावं म्हणून आपण पोटाला चिमटा घेतला. आणि आता पुन्हा त्याच्या हाती पाना-हातोडा? शंका रास्त आहे. वरच्यांच्या मुलांना गणित-विज्ञान आणि आमच्या मुलांना नुसतं हस्तकाम, अशी वाटणी कोणी करत असेल तर तिला ठाम विरोध केला पाहिजे. जातीने तेच केलं. डोकं एकाकडे ठेवलं, हात दुसऱ्याकडे. पण त्यावरचा उपाय हात टाकून देणं हा नव्हे. एकाच मुलाकडे दोन्ही असले पाहिजेत, आणि हे शिक्षण सगळ्या जातींच्या मुलांना सारखं मिळालं पाहिजे. ज्याला यंत्र खोलता येतं आणि त्याचं गणितही मांडता येतं, त्याला कोणी सहज फसवू शकत नाही.

सुरुवात विहारातूनच करू. समजा, म्हाताऱ्या उपासिकांना वंदनेच्या वेळी खाली बसता-उठता येत नाही. आपण म्हणू, खुर्च्या आणा. पण मुलांनी आधी त्यांना विचारावं. एखादी म्हणेल, बसायला त्रास नाही रे बाळा, उठताना धरायला काही नाही. म्हणजे प्रश्नच बदलला! मग कोणी भिंतीला दांडी सुचवेल, कोणी दोर, कोणी उंच पाट. आधी विटा रचून, दोरी बांधून उंची पाहा. आजीला वापरू द्या. नाही जमलं तर सोडा, दुसरं करा. खर्च जवळजवळ शून्य.

दर रविवारी वंदनेनंतर दोन तास. पाच-सहा मुलामुलींचा एक गट, एक वही, महिन्याला एक अडचण. वस्तीतले फिटर, गवंडी, सुतार, शिवणकाम करणाऱ्या भगिनी हेच आपले गुरुजी. नियम दोनच. ज्याची अडचण आहे त्याला विचारल्याशिवाय उपाय सांगायचा नाही, आणि कोणाचा नमुना फसला तर हसायचं नाही. पालकांनी एवढंच करावं, पोरगं घरातलं बंद घड्याळ खोलून बसलं तर लगेच पाठीत धपाटा घालू नये.

नावं आजच द्या. हत्यारांची पेटी मी आणीन. जयभीम!