पानिपतचा दोष कोणाचा ?
(विंचूर येथें गांवकऱ्यांच्या सभेंत एका प्राथमिक शिक्षकानें केलेलें भाषण)



आजचा विषय इतिहास हा आहे. परंतु राजांच्या वंशावळी व लढायांच्या सनावळ्या पाठ म्हणून दाखविण्यासाठीं मी उभा राहिलों नाहीं. घडलेली गोष्ट एकच असते, आणि तिच्या हकीकती मात्र दहा असतात. त्या दहांतून खरी कोणती, व ती खरी हें ओळखावें कसें, एवढाच विचार मला आपणांपुढें मांडावयाचा आहे. हा विचार विद्वानांच्या मंडळांतच व्हावा असें मुळींच नाहीं. ज्याला सात-बाराच्या उताऱ्यावर आपलें नांव आहे कीं नाहीं हें पाहावें लागतें, त्याला इतिहासाच्या पुस्तकांतही आपलें नांव आहे कीं नाहीं हें पाहण्याचा पुरा हक्क आहे.

उदाहरण पानिपतचें घेतों. तें मैदान येथून लांब असलें तरी ती लढाई आपल्या घरची आहे. ता. १४ जानेवारी १७६१ रोजीं अहमदशहा अब्दालीनें सदाशिवरावभाऊंच्या फौजेचा मोड केला. ह्या लढाईच्या हकीकतींत आपल्या नाशिक जिल्ह्याशीं नातें असलेलीं तीन घराणीं येतात. पहिले विठ्ठल शिवदेव, म्हणजे आपले विंचूरकर. दुसरे मल्हारराव होळकर; त्यांच्या घराण्याचा रंगमहाल चांदवडास आजही उभा आहे. तिसरे नारो शंकर. मालेगांवचा किल्ला त्यांनीं बांधला, आणि पंचवटींत गोदेच्या कांठीं त्यांच्या नांवाचें देऊळ व घंटा आहे. विंचूरकर व होळकर प्रत्यक्ष रणांत होते, नारो शंकर दिल्लीच्या बंदोबस्तास होते. तिघेही जिवंत परत आले. आणि तिघांवरही पुढील लेखकांनीं कमीअधिक ठपका ठेवला. होळकर रण सोडून गेले, विंचूरकरांनीं रचना मोडली, नारो शंकरांनीं पराभव कळतांच दिल्ली सोडली, असे ते ठपके आहेत.

वर्गांत हा धडा आला कीं मुलें हटकून विचारतात, “गुरुजी, चूक कोणाची ?” मी त्यांस उलट विचारतों, “सांगणारा कोण ?” कारण सांगणारा कोठें बसला होता हें कळल्याशिवाय त्याच्या सांगण्याची किंमत करतां येत नाहीं.

म्हणून प्रथम सांगणारे पाहूं. काशिराज पंडित हा जातीनें दक्षिणी, पण चाकरी शुजाउद्दौल्याची. म्हणजे तो शत्रूच्या गोटांत होता. तहाचीं बोलणीं त्याच्या हातून चालत, म्हणून त्याला दोन्हीकडचें पुष्कळ कळे. त्यानें फारसींत हकीकत लिहिली, पण ती लढाईनंतर बऱ्याच वर्षांनीं. भाऊसाहेबांची बखर लिहिली गेली ती दुःख ओलें असतांना. तिच्यांत माणसांच्या चुका आहेत, आणि त्या सर्वांवर दैव बसलेलें आहे. रघुनाथ यादवाची पानिपतची बखर गोपिकाबाईंच्या इच्छेवरून झाली. गोपिकाबाई म्हणजे त्या रणांत पडलेल्या विश्वासरावाची आई. लेक गमावलेल्या आईपुढें वाचावयाची हकीकत कोणत्या हातानें लिहिली जाईल, हें आपल्या घरांतील कोणतीही म्हातारी सांगूं शकेल. पुढें ग्रँट डफ आला. १८१८ सालीं मराठी राज्य गेलें, तेव्हां हा इंग्रज अधिकारी साताऱ्यास नेमला गेला, आणि १८२६ सालीं त्यानें मराठ्यांचा इतिहास छापला. मेहनत त्यानें पुष्कळ केली, कागद पाहिले, माणसांस विचारलें. तरी जिंकणाऱ्यानें हरलेल्याचा लिहिलेला तो इतिहास आहे, हें विसरून चालत नाहीं.

नंतर १८९८ सालीं विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनीं मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचा पहिला खंड छापला. त्यांत त्या काळचीं मूळ पत्रें होतीं. बखर मागाहून लिहितात, पत्र त्या दिवशीं लिहितात. म्हणून पत्राला साक्षीदाराचा मान. पण मौज अशी कीं, पत्रें पुढें आलीं तरी तंटा मिटला नाहीं. राजवाड्यांनीं त्याच पत्रांवरून भाऊंस पुष्कळसें निर्दोष ठरवून होळकर व गोविंदपंत बुंदेले यांच्यावर भार टाकला. दुसऱ्यांनीं भाऊंचा ताठा पुढें केला. सुरजमल जाटाचा सल्ला कां मानला नाहीं, बाजारबुणगे मागें कां ठेवले नाहींत, असें विचारलें. म्हणजे कागद तेच, निकाल निराळा. असें कां व्हावें ?

ह्याचें एक कारण आपण स्पष्ट बोलूं. आमच्या देशांत दोषाची वांटणी जातीच्या मापानें करण्याची खोड आहे. एका पक्षाचा लेखक धनगर होळकराकडे बोट दाखवितो. त्याला उत्तर म्हणून दुसऱ्या पक्षाचा लेखक ब्राह्मण भाऊंकडे आणि ब्राह्मण विंचूरकरांकडे बोट दाखवितो. हा इतिहास नव्हे. ही भाऊबंदकींतील बांधाची भांडणें आहेत.

आतां रणांत काय झालें तें पाहा. इब्राहिमखान गारद्याच्या तोफा व बंदुका पुढें ठेवून, सर्व सैन्यानें गोल करून एकत्र सरकावें, असा बेत होता. ह्या गोलांतून विठ्ठल शिवदेव आणि दमाजी गायकवाड यांचे स्वार आवेशानें बाहेर पडले. त्यामुळें गारद्यांचा मारा अडला व रचना मोडली. ह्या चुकींत एक ब्राह्मण आणि एक मराठा असे दोघे खांद्याला खांदा लावून होते. आणि शेवटपर्यंत हटला नाहीं, घायाळ होऊन शत्रूच्या हातीं सांपडून मारला गेला, तो इब्राहिमखान मुसलमान होता. जातीचें माप घेऊन जो ह्या रणांत उतरेल, त्याचें माप पहिल्याच पावलाला मोडेल.

मग कारण कोणतें ? येथें निमित्त आणि कारण हा भेद ध्यानांत धरला पाहिजे. दुपारीं विश्वासरावास गोळी लागली, भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, अंबारी रिकामी दिसतांच लोकांचा धीर सुटला. हें निमित्त. पण त्या आधीं काय झालें होतें ? आक्टोबर १७६० च्या अखेरीस अब्दाली यमुना उतरला व त्यानें दिल्लीची वाट तोडली. दोन्ही फौजा सुमारें अडीच महिने समोरासमोर बसल्या. रसद पाठविणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरांत मारले गेले. दाणा संपला, वैरण संपली, पैसा संपला. लढणारांबरोबर न लढणारीं हजारों तोंडें खावयास होतीं. उपाशी मरण्यापेक्षां लढून मरूं, असें लोक म्हणूं लागले, तेव्हां फौज बाहेर पडली. शेतकऱ्याला हें दुसऱ्यानें शिकवावें लागत नाहीं. बैल दोन महिने उपाशी असला म्हणजे नांगर कोणाच्या हातीं आहे ह्याला फारसा अर्थ उरत नाहीं. नांगऱ्याची चूक असेल, नाहीं असें नाहीं. पण आधीं गव्हाण पाहावी.

पीक बुडालें तर आपण एकच कारण सांगतों काय ? बीं हलकें होतें, पावसानें ताण दिला, विहीर आटली, वेळेवर खत घालावयास हातांत पैसा नव्हता, चारही खरीं. त्यांतलें मोठें कोणतें व धाकटें कोणतें हें ठरविणें, ह्यालाच इतिहासाचा अर्थ लावणें म्हणतात. गेल्या शतकाच्या आधींच्या शतकांत जर्मनींत रांके नांवाचा मोठा इतिहासकार होऊन गेला. जसें घडलें तसें सांगावें, असा त्याचा दंडक होता. पुढें १९६१ सालीं इंग्लंडांत कार नांवाच्या लेखकानें बजावलें कीं, असंख्य गोष्टींतून कोणत्या उचलावयाच्या हें इतिहासकारच ठरवितो, म्हणून आधीं इतिहासकाराकडे पाहा. मला दोघांचेंही म्हणणें घ्यावेंसें वाटतें. कागद आपण होऊन बोलत नाहीं, त्याला बोलतें करावें लागतें. पण त्याच्या तोंडीं वाटेल तें घालतां येत नाहीं.

शिवाजी महाराजांचेंच पाहा. १८६९ सालीं जोतीराव फुल्यांनीं पवाडा रचला, त्यांत महाराज कुळवाड्यांचे राजे म्हणून उभे केले. १९०० सालीं न्यायमूर्ति रानड्यांनीं मराठ्यांच्या सत्तेच्या उदयावर ग्रंथ लिहिला, त्यांत संतांनीं मशागत केलेल्या सबंध समाजाची ती उठावणी ठरविली. दोघांच्या दृष्टी निराळ्या. फुल्यांनीं विचारलें नसतें तर नांगर धरणाऱ्याचा प्रश्न इतिहासांत इतक्या लवकर आला नसता. उभें राहण्याची जागा निराळी असली म्हणजे दिसणारें खोटें असतें असें नाहीं. मात्र जें दिसलें तें कागदाला लावून पाहिलें पाहिजे.

आणि ही कसोटी दुसऱ्याला लावतों तशी आपल्यालाही लावली पाहिजे. पानिपतावर मराठ्यांच्या छावणींत जागोजाग धूर दिसला, अब्दालीनें विचारलें, तेव्हां प्रत्येक जातीची चूल वेगळी आहे असें त्याला कळलें, आणि मग तो म्हणाला कीं मी जिंकलों. ही गोष्ट आपल्या सभांतून टाळ्या घेते. ती सांगणारास माझी विनंती आहे कीं, ती त्या काळच्या कोणत्या कागदांत आहे तें दाखवावें. कागद नसेल तर दृष्टांत म्हणून सांगावी, पुरावा म्हणून सांगूं नये. जातिभेदानें ह्या देशाचें नुकसान केलें हें सिद्ध करण्यास उसन्या साक्षीदाराची गरज नाहीं. आपण सत्याचें नांव घेणारीं माणसें. दुसऱ्याची पोथी तपासावयाची आणि आपली झांकून ठेवावयाची, हें आपणांस शोभत नाहीं.

आतां शेवटचा मुद्दा, आणि मला तोच सर्वांत जवळचा वाटतो. पानिपतची बातमी पेशव्यांस एका सावकारी पत्रानें कळली अशी गोष्ट ग्रँट डफनें दिली आहे. त्या पत्रांत माणसांचीं नांवें नव्हतीं. दोन मोतीं गळालीं, सत्तावीस मोहोरा हरवल्या, आणि रुपये व खुर्दा किती गेला त्याची गणती नाहीं, असा मतलब होता. मोतीं म्हणजे भाऊ व विश्वासराव. मोहोरा म्हणजे सरदार. आणि खुर्दा कोण ? खुर्दा म्हणजे तुमचे आमचे पणजे-खापरपणजे. शिलेदार, बारगीर, मोतद्दार, बेलदार, पखालवाले, बैलांमागें चालणारे. तेव्हांपासून आजपर्यंत इतिहास मोत्यांसाठीं रडला, मोहोरांसाठीं भांडला. खुर्दा मोजावयास कोणी बसला नाहीं. विंचूरकर दोषी कीं होळकर, ह्या वादांत दोन्ही बाजू मोहोरांचाच हिशेब करीत आहेत.

हा खुर्दा मोजतां येणार नाहीं असें समजूं नका. पुण्यास पेशवे दप्तरांत मोडी कागदांचे रुमालच्या रुमाल आहेत. फौजेचे हिशेब, गांवझाडे, वसुलाचे ताळेबंद. रियासतकार सरदेसायांनीं त्यांतून निवडलेले ४५ खंड छापले, तरी तो लहानसा भाग झाला. शाळांतून मोडी उठून गेल्याला दोन पिढ्यांहून अधिक काळ लोटला. त्यामुळें आज आजोबाचा कागद नातवाला वाचतां येत नाहीं. मिरजेस वासुदेवशास्त्री खरे नांवाचे गृहस्थ होऊन गेले. ते शाळेंत शिक्षक होते. शाळा सांभाळून त्यांनीं पटवर्धनांचीं दप्तरें वाचलीं व त्यांचे ऐतिहासिक लेखसंग्रहाचे खंड छापले. शिक्षकाला जें साधलें तें आपल्यांतील शिकलेल्या मुलाला कां साधूं नये ?

म्हणून माझें मागणें थोडें आहे. माळ्यावर जुना रुमाल असेल तर तो रद्दींत घालूं नका. प्रत्येक गांवांत निदान दोन मुलांनीं मोडी शिकावी. गांवाबाहेरील वीरगळावर शेंदूर थापण्यापूर्वीं तो कोणाचा हें म्हाताऱ्यांस विचारून लिहून ठेवा. आणि इतिहासाचें कोणतेंही पुस्तक हातीं आलें, तें आपल्या पक्षाचें असो कीं परक्या, त्याला चार प्रश्न विचारा: सांगणारा कोण, तो कोठें बसला होता, कोणासाठीं सांगत होता, आणि त्यानें काय गाळलें ?

मोत्यांना शोक करणारे पुष्कळ मिळाले, मोहोरांना वकील मिळाले. खुर्द्याला मोजणारा त्याच्याच घरांतून निघाला पाहिजे.