पैसा कोठे राबतो?



आपण मुलांना काटकसर शिकवतो. परंतु साठवलेला पैसा पुढे कोठे राबतो, हे सहसा सांगत नाही. आज त्याविषयीच बोलावे असा माझा मानस आहे.

बडोद्याला हा विषय परका नाही. महाराज सयाजीराव गायकवाडांनी १९०६ साली संस्थानभर सक्तीचे प्राथमिक शिक्षण लागू केले आणि १९०८ साली त्यांच्याच पुढाकाराने बँक ऑफ बडोदा स्थापन झाली. शाळेपाठोपाठ पेढी आली. १९०८ सालीच पुण्याजवळ तळेगावात पैसा फंडाचा काच कारखाना निघाला. अंताजी दामोदर काळे यांनी माणशी वर्षाला एक पैसा मागून त्या निधीचा पाया घातला होता.

या दोन उदाहरणांतील भेद मुलांना अवश्य समजावून द्यावा. पैसा फंडाला दिलेला पैसा ही वर्गणी होती. ती परत मागायची नसते. बँकेतील ठेव व्याजासह परत मिळते. कारखान्याचा भाग घेतला, तर मात्र नफ्याबरोबर तोट्याचेही वाटेकरी व्हावे लागते. हे तीन व्यवहार ज्याला वेगळे ओळखता येतात, तो सहसा फसत नाही. द.सा.द.शे. ८ दराने चक्रवाढीत शंभराचे दोनशे व्हायला सुमारे ९ वर्षे लागतात, हे गणित आठवीच्या मुलालाही सुटते. मग वर्षभरात दामदुप्पट देऊ म्हणणाऱ्याला त्याने विचारावे, "हा नफा कोणत्या धंद्यातून येतो?" हा एक प्रश्न न विचारल्यामुळे कित्येक कुटुंबांची आयुष्यभराची पुंजी बुडाली आहे.

गावातील व्यवसायाला आधार देणे, हीदेखील गुंतवणूकच आहे. ती दया नव्हे. आपल्या गल्लीतील शिंपी, छापखानेवाला, वह्या बांधणारा यांच्याकडून माल घ्यावा, पावती मागावी, पैसे वेळेवर द्यावेत आणि काम वाईट झाल्यास तोंडावर सांगावे. उधारी थकवून स्वदेशीवर भाषणे देण्यात अर्थ नाही.

शाळेला माझी एकच विनंती आहे. वर्षातून एकदा मुलांना जवळच्या एखाद्या कारखान्यात न्यावे. कच्चा माल, मजुरी, भाडे, व्याज आणि शेवटी उरणारा नफा त्यांनी स्वतः वहीत मांडावा. शंभर रुपयांच्या विक्रीत मालकाच्या हाती किती थोडे उरते, हे ज्याने एकदा मांडून पाहिले, तो मोठेपणी ना कष्टकऱ्याचे पैसे बुडवील, ना स्वतःचे.